मेलेल्या माणसाची नवी रेकॉर्ड कशी ऐकायची

नाताळ जवळ आला की आमच्या वसईत अमेरिकी कंट्री गायक जिम रीव्ज सुरू होतो. जुन्या लोकांच्या कपाटातून तबकड्या निघतात, पोरं मोबाईलवर लावतात. एवढी गाणी आहेत म्हणजे माणूस बराच जगला असेल, असं सगळे धरून चालतात. तो गेला चाळिसाव्या वर्षी. ३१ जुलै १९६४ ला टेनेसीतल्या ब्रेंटवुडजवळ त्याचं छोटं विमान वादळात सापडून पडलं. चालवत तो स्वतःच होता. त्यानंतरही वर्षानुवर्षं त्याचे नवे अल्बम निघत राहिले, आणि मरणानंतर त्याची सहा गाणी अमेरिकेच्या कंट्री संगीताच्या लोकप्रियता यादीत पहिल्या नंबरावर गेली.

असा अल्बम हातात आला की मी एकच विचारते: गळा कोणत्या वर्षाचा आणि वाजंत्री कोणत्या वर्षाची? गाणं जिवंतपणीच पुरं झालेलं, फक्त बाहेर उशिरा आलेलं असेल, तर दोन्ही साल एकच. ते निवांत ऐका. सालं वेगळी निघाली की कान टवकारायचे. कव्हरवर छापलेल्या सालावर जाऊ नका, ते प्रकाशनाचं असतं. ध्वनिमुद्रण कधी झालं ते मागच्या मजकुरात शोधा. तिथे नसेल तर कानाने ठरवायचं.

त्यासाठी आधी कान लावून घ्या. १९५९ चं ‘हील हॅव टू गो’ लावा, हेडफोनवर. चेट अ‍ॅटकिन्स निर्माता, पियानोवर फ्लॉइड क्रेमर, मागे अनिता कर सिंगर्स. रीव्ज माईकला ओठ टेकतील इतक्या जवळून, खालच्या आवाजात गातो. वाजवणारे त्याच्यासाठी थांबतात ते नीट ऐका. त्याने शब्द लांबवला की पियानो गप्प, त्याची ओळ संपली की पियानो बोलतो. सगळे एका खोलीत बसलेत हे कळतं. ही सवय लागली की पुढचं सोपं.

आता ‘डिस्टंट ड्रम्स’. हे गाणं गीतकार सिंडी वॉकरने लिहिलेलं. रीव्जने ते तिच्यासाठी नमुना म्हणून गायलं होतं, रेकॉर्ड काढायला नव्हे. तो गेल्यावर त्यावर ऑर्केस्ट्रा चढवला आणि १९६६ मध्ये ते ब्रिटनमध्ये पाच आठवडे पहिल्या नंबरावर राहिलं. लढाईवर निघालेला मुलगा आपल्या मेरीला म्हणतो, आत्ताच लग्न करू. (रीव्जच्या बायकोचं नावही मेरीच, आणि त्याच्या मागे त्याच्या टेपांचा कारभार तिनेच पाहिला.) पहिल्यांदा फक्त गळा ऐका, दुसऱ्यांदा फक्त वाद्यं. इथे कोणी कोणासाठी थांबत नाही. तो आपल्या चालीने जातो आणि वाद्यं त्याला गाठत राहतात. तरी मला हे गाणं आवडतं. नमुन्यासाठी गाताना माणूस नटत नाही, आणि तो साधेपणा ऑर्केस्ट्राखालीही शाबूत राहिलाय.

माझं खरं भांडण आहे ते युगुलगीतांशी. १९७९ मध्ये गायिका डेबोरा अ‍ॅलनने त्याच्या जुन्या टेपवर आपला आवाज भरला. १९८१ मध्ये त्याहून पुढची गंमत: रीव्ज आणि कंट्री गायिका पॅट्सी क्लाइन यांचं ‘हॅव यू एव्हर बीन लोनली’. पॅट्सीही विमान अपघातातच गेली होती, मार्च १९६३ मध्ये. दोघांनी हे गाणं आपापलं वेगवेगळं गायलेलं. तीन ट्रॅकच्या मूळ टेपांमधून, जिथे गळा वेगळ्या ट्रॅकवर असतो, नुसते गळे उचलले, एकमेकांशी जुळवले आणि खाली नवी वाजंत्री घातली.

मी चर्चच्या क्वायरमध्ये अल्टो, म्हणजे बायकांचा खालचा सूर, गाते. शेजारणीचा श्वास कुठे तुटणार हे आम्हाला तिच्या खांद्यावरून कळतं, आणि तेवढ्यापुरतं आम्ही सूर धरून ठेवतो. या गाण्यात नेमकं तेच शोधा. खऱ्या युगुलगीतात एकजण थोडा मागे सरतो, दुसऱ्याला जागा देतो. इथे दोघंही एकट्याने गावं तसं पूर्ण गातात. सूर मिळतात, पण कोणीच कोणाचं ऐकत नाही. डेबोराचं वेगळं. तिच्या कानात तो होता, म्हणून निदान एका बाजूने तरी जागा सोडलेली जाणवते.

जुनी रेकॉर्ड विकत घेताना एक खूण लक्षात ठेवा. ओळखीच्या गाण्यात ड्रम आणि बेस अचानक जड वाटले, तर गळा जुना आणि साथ नंतर बदललेली असण्याचा संभव मोठा. दुकानदाराला सुईखाली एक कडवं लावायला सांगा, मगच पैसे द्या. नाताळच्या गाण्यांची तबकडी मात्र डोळे झाकून घ्या. ती १९६३ ची, त्याच्या हयातीतली. आणि लग्नाच्या हॉलात युगुलगीत हवंच असेल, तर डेबोराचं लावा.