कुत्र्याचे पेपर कसे करावेत: जोडी लावण्यापासून सर्टिफिकेट हाती येईपर्यंत

सांगली-मिरजेच्या जनावरांच्या दवाखान्यात हा प्रश्न नेहमी कानावर पडतो: "पिल्लू आणलंय, आता याचे पेपर कुठं करून मिळतील?" पिल्लू जर्मन शेफर्डचं असतं, लॅब्रॅडॉरचं असतं, नाहीतर जतकडून आणलेलं कारवान, म्हणजे लांब तोंडाचं देशी कुत्रं असतं. विकणाऱ्यानं सांगितलेलं असतं की पेपर नंतर कधीही होतात. तसं होत नाही. जातिवंत कुत्र्याची नोंदणी पिल्लू विकत घेतल्यावर सुरू होत नाही, ती जोडी लावण्याआधी सुरू होते. आईबापांची नोंद नसेल तर पिल्लाची नोंद कशाच्या आधारावर करणार? खरसुंडीच्या यात्रेत खोंड बघायला गेलेला शेतकरी दातांच्या आधी विचारतो की वळू कुणाचा आणि गाय कुठली. पेपर, म्हणजे कुत्र्याच्या वंशावळीचं सर्टिफिकेट, हे त्याच प्रश्नाचं लेखी उत्तर आहे.

भारतात ही वंशावळ ठेवणारी मुख्य संस्था म्हणजे केनेल क्लब ऑफ इंडिया. बोलताना सगळे केसीआयच म्हणतात. कार्यालय चेन्नईला आहे. बेल्जियमच्या एफसीआय या केनेल क्लबांच्या आंतरराष्ट्रीय महासंघाशी ती जोडलेली आहे, आणि एफसीआय एका देशातून एकाच संस्थेला सदस्य करून घेते. पेपर देणाऱ्या आणखीही संस्था आहेत. म्हणून कुणी "पेपर आहेत" म्हटलं की पहिला प्रश्न हाच विचारा, कुणाचे? एका संस्थेच्या वहीतलं कुत्रं दुसरीच्या वहीत आपोआप चढत नाही. पुढं डॉग शोमध्ये उतरायचं असेल किंवा नोंदणीकृत नराशी जोडी लावायची असेल, तर हा फरक आडवा येतो. खाली लिहिलेलं सगळं केसीआयच्या नोंदणीबद्दल आहे.

जोडी लावण्याआधी

नर आणि मादी दोघांचीही सर्टिफिकेटं समोर ठेवा. झेरॉक्स नको, मूळ प्रत मागा. त्यावर कुत्र्याचं नोंदणीचं नाव, नोंदणी क्रमांक, जन्मतारीख, रंग, मायक्रोचिपचा क्रमांक, मालकाचं नाव आणि मागच्या पिढ्यांची नावं असतात. मालकाचं नाव नीट वाचा. मादी तुमच्या गोठ्यात दोन वर्षं असली, पण पेपरवर अजून जुन्या मालकाचंच नाव असेल, तर संस्थेच्या लेखी ती त्याचीच आहे आणि पिल्लांच्या फॉर्मवर सहीसुद्धा त्याचीच लागणार. आधी मालकी बदलून घ्या, मग जोडी लावा.

नराच्या मालकाशी देणंघेणं लेखी ठरवा. स्टडचे, म्हणजे जोडी लावल्याचे पैसे द्यायचे की एक पिल्लू द्यायचं, पिल्लू द्यायचं तर पहिली निवड कुणाची, आणि मादी गाभण राहिलीच नाही तर काय, हे सगळं कागदावर असू द्या. लिटरच्या, म्हणजे एका वेताच्या पिल्लांच्या फॉर्मवर नराच्या मालकाची सही लागते. व्यवहार बिघडला की ती सही अडते, आणि दोन माणसांच्या रुसव्यात अख्ख्या लिटरचे पेपर लटकतात. असं घडतं, आणि त्यात पिल्लांचं नुकसान होतं.

कायदाही इथंच लागू होतो. कुत्र्यांच्या पैदाशीबद्दलचे केंद्र सरकारचे २०१७ चे नियम सांगतात की मादी १८ महिन्यांची झाल्याशिवाय तिची जोडी लावायची नाही, आठ वर्षांपुढे लावायची नाही, वर्षात एकापेक्षा जास्त लिटर नको आणि आयुष्यात पाचापेक्षा जास्त नकोत. पैदास करून पिल्लं विकणाऱ्यानं राज्य प्राणी कल्याण मंडळाकडे स्वतःची नोंदणी करायची असते. केसीआयचे पेपर आणि ही सरकारी नोंदणी या वेगळ्या गोष्टी आहेत. एक केली म्हणून दुसरी चुकत नाही.

आणखी एक गोष्ट, जी आपल्याकडे मळ्यावर आणि वाडीवस्तीवर हमखास चुकते. मादी माजावर आली की साधारण तीन आठवडे तिला बंद जागेत ठेवा. ठरलेल्या नराशी जोडी लागली म्हणजे काम झालं असं समजून तिला मोकळी सोडतात. पण एकाच वेताची पिल्लं दोन वेगवेगळ्या नरांची असू शकतात. जोडी लागल्यानंतर दोन दिवसांनी मादी कुंपणाखालून निसटली, तर लिटरच्या फॉर्मवर बापाचं जे नाव लिहाल त्याला अर्थ उरत नाही. तसं झाल्याची शंका असेल तर डीएनए चाचणीनं बाप ठरवता येतो. चाचणी करायची नसेल तर त्या लिटरचे पेपर करू नका. खोटं नाव एकदा वंशावळीत शिरलं की पुढच्या प्रत्येक पिढीच्या कागदावर ते उतरत जातं.

जोडी लागल्याची तारीख लिहून ठेवा. तिथून साधारण ६३ दिवसांनी मादी विते. चार-पाच दिवस इकडंतिकडं होतात.

पिल्लं झाल्यावर

जन्मतारीख, नर किती, मादी किती, प्रत्येकाचा रंग आणि खुणा त्याच दिवशी वहीत टिपून ठेवा. एकसारखी दिसणारी पिल्लं असतील तर प्रत्येकाच्या गळ्यात वेगळ्या रंगाची मऊ दोरी सैलसर बांधा आणि पिल्लं वाढतील तशी बदलत राहा, नाहीतर काचते. रंग लिहिताना घाई नको. जर्मन शेफर्डची पिल्लं मोठी होताना रंग बदलतात, त्यामुळं जाणत्या माणसाला दाखवून मगच फॉर्म भरा.

मग मायक्रोचिप. हा टप्पा नीट समजून घ्या, कारण कागदावरचं कुत्रं आणि समोर उभं असलेलं कुत्रं एकच आहे हे सांगणारी दुसरी खूण नाही. चिप सुमारे १२ मिलिमीटर लांबीची काचेची कुपी असते. जाडसर सुईनं ती दोन्ही खांद्यांच्या मधल्या सैल कातडीखाली सोडतात. भूल लागत नाही. पिल्लू एकदा कुंईऽ करतं आणि पुन्हा आईकडं पळतं. चिपमध्ये बॅटरी नसते, जीपीएस नसतो. कुत्रं हरवलं तर कुठं आहे ते मोबाईलवर दिसेल असं अनेकांना वाटतं, तसं काही नसतं. स्कॅनर जवळ धरला की १५ आकडी क्रमांक दिसतो, एवढंच तिचं काम.

डॉक्टरांकडे बसून तीन गोष्टी स्वतःच्या डोळ्यांनी बघा. चिप टोचण्याआधी पाकिटातली चिप स्कॅन करून क्रमांक बरोबर येतो का. टोचल्यावर पिल्लाच्या पाठीवरून, खांद्यांवरून आणि मानेच्या दोन्ही बाजूंनी स्कॅनर फिरवून तोच क्रमांक पुन्हा येतो का. आणि पाकिटासोबत आलेलं बारकोडचं स्टिकर त्याच पिल्लाच्या कागदावर चिकटतंय का. सात-आठ पिल्लं टेबलावर एकदम काढली की स्टिकरांची अदलाबदल होतेच. एक पिल्लू, एक चिप, एक कागद, आणि ते हातावेगळं झाल्याशिवाय दुसरं पिल्लू टेबलावर घ्यायचं नाही. क्रमांक हातानं लिहायची वेळ आली तर दोघांनी मिळून लिहा, एकानं वाचायचा, दुसऱ्यानं टिपायचा.

यानंतर लिटर नोंदणीचा फॉर्म. तो संस्थेच्या संकेतस्थळावर मिळतो, चालू फीही तिथंच बघा. फॉर्ममध्ये नर-मादीचे नोंदणी क्रमांक, जोडीची आणि जन्माची तारीख, प्रत्येक पिल्लाचं नाव, लिंग, रंग, चिप क्रमांक आणि दोन्ही मालकांच्या सह्या लागतात. नावं इंग्रजीत जातात. स्पेलिंग आधी कोऱ्या कागदावर लिहून घरातल्या दोघा-तिघांना दाखवा, कारण सर्टिफिकेट छापून आल्यावर दुरुस्तीला पुन्हा अर्ज आणि पुन्हा वाट. घरी तुम्ही 'राजा' म्हणा नाहीतर 'टिपू', नोंदणीचं नाव वेगळं असलं तरी चालतं. सातत्यानं पैदास करणार असाल तर केनेलचं, म्हणजे तुमच्या पैदाशीच्या ठिकाणाचं नावही नोंदवून घेता येतं. ते तुमच्या प्रत्येक पिल्लाच्या नावाला जोडलं जातं आणि दुसऱ्या कुणाला वापरता येत नाही. घरच्या एखाद्या लिटरसाठी त्याची गरज नाही.

सगळ्या पिल्लांची नोंद एकाच वेळी करा. 'जी पेपरसह विकली जातील तेवढ्यांचीच करू' हा हिशेब मला पटत नाही. एकाच वेतातल्या सहांपैकी तिघांना वंशावळ आणि तिघं निनावी, हे त्या मादीवर आणि घेणाऱ्यावर अन्याय करणारं आहे. आणि चिप टोचून फॉर्म रवाना होईपर्यंत एकही पिल्लू घराबाहेर जाऊ देऊ नका. आठ आठवड्यांच्या आतलं पिल्लू विकायला तर कायद्यानंच बंदी आहे, त्यामुळं हाताशी वेळ भरपूर असतो.

तुम्ही घेणारे असाल तर

एकाच लिटरचे दोन भाव सांगितले, पेपरसह एक आणि विना पेपर दुसरा, आणि दोन्हींत हजारोंचा फरक असेल, तर सावध व्हा. एका पिल्लाच्या नोंदणीचा खर्च इतका नसतो. आईचं मूळ सर्टिफिकेट मागा, शक्य असेल तर आई समोर बघा, पिल्लावर तुमच्या डॉक्टरांकडून स्कॅनर फिरवून घ्या आणि क्रमांक फॉर्मवरच्या क्रमांकाशी जुळवा. चिपच नसेल तर समोर ठेवलेला पेपर कुणाचाही असू शकतो.

पिल्लू ताब्यात घेतानाच मालकी बदलाच्या फॉर्मवर विकणाऱ्याची सही घ्या, मागाहून नको. सही करणारा माणूस आणि सर्टिफिकेटवरचा मालक एकच आहे ना, ते तपासा. मग तुमची सही, फी, आणि फॉर्म चेन्नईला. नवं सर्टिफिकेट तुमच्या नावानं येईपर्यंत सगळ्या कागदांचे फोटो मोबाईलमध्ये जपून ठेवा.

पेपरमुळं कुत्रं निरोगी आहे असं मात्र सिद्ध होत नाही. शेफर्ड आणि लॅब्रॅडॉरमध्ये खुब्याच्या सांध्याचा आजार वंशातून येतो. आईबापांचे एक्स-रे काढलेत का, हे वेगळं विचारावं लागतं. रेबीजची लस, लसीकरणाचं कार्ड, महापालिका हद्दीत असाल तर तिथला कुत्रा पाळण्याचा परवाना, हेही सगळं निराळं. केसीआयचं सर्टिफिकेट दाखवून यातलं काही टळत नाही.

आपली कारवान कुत्री

आता ज्यासाठी हा लेख लिहावासा वाटला, त्याकडे येतो. जत, आटपाडी, कवठेमहांकाळ, आणि पलीकडं साताऱ्यातल्या माण-खटावपर्यंत मेंढपाळांकडं आणि शेतकऱ्यांकडं जी लांब तोंडाची, खोल छातीची, आत गेलेल्या पोटाची कुत्री दिसतात, त्यांच्यात उत्तम वंश आहेत. मिरजेहून अथणी-जमखंडीमार्गे मुधोळला गेलं की तिथंही हीच कुत्री, मुधोळ हाउंड या नावानं. मुधोळ संस्थानच्या घोरपडे राजांनी ती जोपासली, २००५ साली टपाल खात्यानं त्यांच्यावर तिकीट काढलं, लष्करानंही ती प्रशिक्षणासाठी घेतली. कर्नालच्या राष्ट्रीय पशु आनुवंशिक संसाधन ब्युरोनं राजापलायम, चिप्पीपराई या देशी जातींसोबत मुधोळ हाउंडची स्वतंत्र जात म्हणून नोंद केली आहे. ती नोंद जातीची, तुमच्या दारातल्या कुत्र्याची नव्हे. ती तुम्हालाच करावी लागते. केसीआयच्या फॉर्मवर जातीच्या रकान्यात 'कॅरवान हाउंड' लिहायचं, मुधोळ नव्हे.

इथली अडचण उघड आहे. कुत्रं अस्सल, पण आईबापांचे पेपर नाहीत. वंश सगळा म्हाताऱ्या मेंढपाळांना तोंडपाठ, कागदावर एक ओळ नाही. अशा कुत्र्यासाठी एकेरी नोंदणीची वाट आहे. कुत्र्याला चिप बसवून केसीआयच्या मान्यतेनं होणाऱ्या डॉग शोमध्ये न्यायाधीशांसमोर उभं करायचं. ते जातीच्या लक्षणांशी ताडून बघतात आणि पसंत पडलं तर आईबापांचे रकाने रिकामे ठेवून कुत्र्याची नोंद होते. आपल्या बाजूचे शो बहुधा हिवाळ्यात असतात. पुण्यात पूना केनेल कॉन्फेडरेशनसारखा जुना क्लब आहे. जाण्याआधी क्लबकडं फोन करून एकेरी नोंदणीची तपासणी त्या शोमध्ये आहे का, हे पक्कं करून घ्या, नाहीतर कुत्रं घेऊन केलेला प्रवास फुकट जातो.

रिकाम्या रकान्यांना नाराज होऊ नका. या कुत्र्याची जोडी नोंदणीकृत कुत्र्याशी लावली की पिल्लांच्या कागदावर आईबाप येतात, त्यांच्या पिल्लांच्या कागदावर आजा-आजीही येतात. एफसीआयच्या नियमात पूर्ण वंशावळ म्हणजे सलग तीन नोंदलेल्या पिढ्या, आणि त्या भरण्याची सुरुवात एका कुत्र्यापासूनच होते. जतच्या एखाद्या वस्तीवर चार घरांनी मिळून चार असंबंधित नर-माद्या नोंदवल्या, तर जवळच्या नात्यात जोड्या न लावता पुढं जाता येईल.

शोला नेण्याआधी दोन-तीन आठवडे कुत्र्याला गळ्यात पट्टा घालून चालायची आणि स्थिर उभं राहायची सवय लावा. अनोळखी माणसानं ओठ उचलून दात बघितले तर त्यानं बिथरू नये, कारण न्यायाधीश दातांची ठेवण बघतात आणि नराची दोन्ही वृषणं खाली उतरलीत का हेही हातानं तपासतात. मळ्यावर मोकळं वाढलेलं कारवान इथंच बुजतं. घरातल्या माणसांनी रोज एकदा तसं करून बघा, शेजाऱ्यालाही करायला सांगा. सोबत लसीकरणाचं कार्ड, चिपचं स्टिकर लावलेला कागद, तुमचं ओळखपत्र आणि कुत्र्याचे डाव्या-उजव्या बाजूनं काढलेले उभे फोटो घ्या. आणि ज्यांच्याकडून कुत्रं आणलं त्या मेंढपाळ काकांना विचारून आईबापांची माहिती एका पानावर लिहून घ्या. फॉर्ममध्ये तिला जागा नाही, पण पुढं जोडी ठरवताना नातं टाळायला तेच पान कामाला येईल.