बेसाल्टवाल्यांनो, कराईला जाताय?

महाराष्ट्रात जिऑलॉजी शिकणाऱ्यांची एक गोची असते. अमोनाइट या वेटोळ्या शंखाच्या, नामशेष झालेल्या समुद्री जीवाची चित्रं पाठ, पण पाय कायम बेसाल्टवर, म्हणजे थिजलेल्या लाव्हावर. लाव्हाच्या थरांत समुद्री जीव कुठून सापडणार! म्हणून एम.एस्सी.च्या फील्डसाठी तमिळनाडूतलं अरियालूर-पेरंबलूर ठरलं की सगळे हातोडे परजून निघतात. मीही तसाच गेलो होतो. आता जाणाऱ्या ज्युनियर्सना माझं सांगणं एवढंच, की हातोडा बॅगेत राहू द्या आणि आधी थर वाचा.

इथून समुद्र आज ऐंशी-नव्वद किलोमीटर पूर्वेला आहे. क्रिटेशियस काळात, म्हणजे डायनोसॉरच्या शेवटच्या युगात, गोंडवन हा दक्षिणेकडचा महाखंड फुटत गेला, भारताचा पूर्व किनारा आकाराला आला, त्यात जगभरच समुद्राची पातळी चढलेली. पाणी नाईस या रूपांतरित खडकाच्या जुन्या भूभागापर्यंत आत घुसलं आणि त्या उथळ समुद्रात गाळ साचत राहिला. खालून वर उत्तातूर, त्रिचिनोपल्ली आणि अरियालूर हे थरांचे तीन गट भूवैज्ञानिक ब्लॅनफर्डने १८६०च्या दशकातच वेगळे केले. इथल्या जीवाश्मांचं सविस्तर वर्णन जीवाश्मतज्ज्ञ स्टोलिच्काने केलं. तरीही काम संपलेलं नाही.

सर्वांत जास्त वेळ याच भागातल्या कराई गावाला द्या. गावाजवळ झाडं जवळपास नाहीतच, नुसत्या घळी पडलेल्या मातकट टेकड्या आणि त्यांत चमकणाऱ्या जिप्समच्या शिरा. नवखा माणूस जिप्समला कॅल्साइट समजतो. नखाने ओरखडा काढून बघा, शंका उरली तर सौम्य ॲसिडचा थेंब टाका. जिप्सम फसफसत नाही. पायाखाली बंदुकीच्या गोळ्यांसारखे बेलेम्नाइट, म्हणजे माकूळसदृश जुन्या जीवांचे अवशेष, पडलेले दिसतील, मधूनच अमोनाइटचे तुकडे. हे थर साधारण १० ते ९ कोटी वर्षांपूर्वीचे, म्हणजे आपल्या दख्खनच्या लाव्हापेक्षा कितीतरी जुने. सिनोमेनियन आणि ट्युरोनियन या क्रिटेशियसमधल्या दोन टप्प्यांची सीमा इथेच येते. त्या सुमारास जगभरच्या समुद्रांत प्राणवायू घटला होता, म्हणून संशोधकांचा या मातीवर डोळा असतो.

पण उतारावर पडलेला जीवाश्म वरच्या कुठल्याही थरातून पावसाने खाली आणलेला असू शकतो. वहीत ‘फ्लोट’ (सुटा पडलेला) की ‘इन सिटू’ (मूळ थरातच असलेला) हे आधी लिहा, मगच तो पिशवीत टाका. ही नोंद नसलेला सुंदर अमोनाइट शोकेससाठी ठीक, प्रबंधासाठी कुचकामी. मातीचे नमुने घेताना वरची भुसभुशीत साल खरवडून आतली ताजी माती घ्या.

एक गंमत. २०२० मध्ये पेरंबलूर जिल्ह्यातल्या कुन्नममध्ये डायनोसॉरची अंडी सापडल्याची बातमी फिरली होती. ते निघाले अमोनाइटभोवती जमलेले गाळाचे गोळे. आकार पाहून नाव ठेवायची घाई नडते ती अशी.

सातनूरचा दगड झालेला वृक्ष चुकवू नका. १८ मीटर लांबीचं खोड समुद्री थरांत कसं आलं, हा प्रश्न व्हायव्हात हमखास येतो. किनाऱ्यावरून वाहत आलेलं लाकूड गाळात पुरलं गेलं, हे त्याचं उत्तर. कल्लनकुरिचीच्या चुनखडकात ग्रायफिया आणि इनोसेरॅमस शिंपल्यांचे ढीग आहेत, पण चांगले छेद, म्हणजे उभे कापलेले थर, सिमेंटच्या खाणींत दिसतात. कॉलेजचं पत्र बरंच आधी पाठवा, आयत्या वेळी गेटवर विनवण्या करून उपयोग होत नाही.

जानेवारी-फेब्रुवारी उत्तम. ऑक्टोबर ते डिसेंबर तिकडचा पावसाळा, तेव्हा कराईची माती बुटाला किलोकिलोने चिकटते.

आता नोकरीचं. अमोनाइट सगळ्यांना आवडतो, पण पोट भरायची शक्यता फोरामिनिफेरा या कवचधारी, एकपेशीय सूक्ष्मजीवांवर जास्त. ओएनजीसीने याच कावेरी खोऱ्यात तेलासाठी विहिरी खोदल्या आहेत. विहिरीतून वर येतो तो खडकाचा चुरा. त्यात अख्खा अमोनाइट कुठून येणार, सूक्ष्मजीवाश्म मात्र शाबूत असतात आणि त्यांवरून थराचं वय कळतं. त्यामुळे शंख-शिंपल्यांपेक्षा मातीच्या पिशव्या जास्त आणा. माती भिजवायची, ६३ मायक्रॉनच्या चाळणीवर धुवायची, वाळवायची आणि मायक्रोस्कोपखाली ओल्या ब्रशच्या टोकाने एकेक कण उचलायचा. जीएसआय, म्हणजे भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणासाठी यूपीएससीची जिओ-सायंटिस्ट परीक्षा देणार असाल, तर अल्बियनपासून मास्ट्रिक्टियनपर्यंतची क्रिटेशियसच्या टप्प्यांची नावं याच कामात आपोआप डोक्यात बसतात. आठवडाभर कण वेचूनही मान मोडल्याची तक्रार सुचली नाही, तर हा विषय घ्या. नाहीतर भूजलाकडे वळा. महाराष्ट्रात त्याला मागणीही जास्त आहे.