जुन्या बायकांची पत्रं आणि आठवणी वाचायच्या कशा? सुरुवात धुळ्यापासून करा

आपल्या खान्देशातल्या वाचणाऱ्यांनी रमाबाई रानड्यांच्या 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' (१९१०) पहिल्या पानापासूनच वाचल्या पाहिजेत असं नाही, आधी धुळ्याचा भाग काढा. १८७९ मध्ये वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडाच्या धामधुमीत न्यायमूर्ती रानड्यांची बदली धुळ्याला झाली, सरकारला त्यांच्यावर संशय होता आणि त्यांचं टपाल फोडून तपासलं जायचं. हे सगळं घरातली तरुण बायको बघतेय हे ध्यानात ठेवून वाचा, मग इतिहास एकदम घरात येतो.

त्यानंतर सावित्रीबाईंची जोतीरावांना लिहिलेली ३ पत्रं घ्या, १८५६, १८६८ आणि १८७७ ची. छोटी आहेत, पण घाई नको. प्रत्येक पत्रावर पेन्सिलने लिहा, कुठून लिहिलंय, त्या वेळी बाई कोणत्या अडचणीत होत्या, आणि काय मागतायत. पहिलं आजारपणात माहेरी नायगावहून लिहिलेलं, भाऊ त्यांच्या कामावर टीका करतो आणि त्या त्याला उत्तर देतात. शेवटचं जुन्नरजवळच्या ओतूरहून, दुष्काळातलं, ते मोठ्याने वाचा, घरातल्या आजीला बसवून वाचलं तर फारच चांगलं, कारण तिला दुष्काळाच्या ऐकलेल्या गोष्टी माहीत असतात, त्या लगेच वहीत टिपून घ्या.

आणि हो, आठवण आणि पत्र सारखं समजू नका. पत्र त्याच दिवसाचं असतं, आठवणी वर्षांनंतरच्या, त्यामुळे तारखा दुसरीकडे पडताळून घ्या.