मृगाआधी केबलचे जोड उघडा, मगच हळदीला पाणी लावा

रोहिणी अर्धी सरली आहे. वळवाची एक-दोन वादळं होऊन गेली, मृग ७-८ जूनला लागेल. वसमत, अर्धापूर, कळमनुरी पट्ट्यात हळदीचं बेणं सऱ्यांत पडलंय किंवा पडायच्या बेतात आहे, आंबवणी झाली असेल, चिंबवणी (लागणीनंतरची सुरुवातीची पाणी) व्हायची असेल. नेमक्या याच आठ-दहा दिवसांत मोटार जळते. दरवर्षी जळते. वाइंडिंगवाल्याच्या दुकानात मोटारी रांगेने पडलेल्या असतात, तो ‘परवा या’ म्हणतो, आणि तोवर उन्हाने तापलेल्या काळ्या मातीत बेण्याचे डोळे सुकतात. मग उगवण विरळ होते आणि दोष बेण्याला लागतो.

अशा किती मोटारी जळल्या ते मी मोजणं सोडून दिलंय, पण कारण बघायचं सोडलेलं नाही. ‘व्होल्टेजच नव्हतं’ असं सगळे सांगतात. काही वेळा ते खरंही असतं. पण डीपीपासून (शेतातल्या ट्रान्सफॉर्मरपासून) विहिरीपर्यंत केबल हाताळत चालत गेलो की बांधावर, बाभळीच्या बुडाशी किंवा पाटाच्या कडेला तो सापडतोच: काळी टेप गुंडाळलेला, उन्हाने टेपेचा डिंक वितळून सैल पडलेला जोड. कुठे एक, कुठे पाच. एका शेतात तीनशे मीटरमध्ये अकरा जोड मोजले होते. त्या शेतकऱ्याने दोन वर्षांत तीनदा वाइंडिंग करून घेतलं, जोड मात्र एकदाही उघडून पाहिला नाही.

म्हणून या वेळचा सल्ला एवढाच: पाऊस पडायच्या आत प्रत्येक जोड उघडा.

जोड मोटार कसा जाळतो

पिळा सैल झाला, तार काळवंडली की तिथे विजेला अडथळा होतो. पाच एचपीच्या मोटारीला साधारण ८ अँपिअर करंट लागतो. जोडात नुसता अर्धा ओम अडथळा आला तरी तिथे ३२ वॅटची उष्णता तयार होते. रेडिओ दुरुस्त करणाऱ्याचा डाग द्यायचा सोल्डर असतो ना, साधारण तेवढी. म्हणजे तुमच्या बांधावर, वाळलेल्या गवतात, रात्रभर एक सोल्डर चालू असतो. त्याने भोवतालचं आवरण वितळतं, जोड आणखी बिघडतो, आणखी तापतो.

आणि नुकसान तिथेच थांबत नाही. तीन फेजपैकी ज्या तारेत तो जोड असेल तिचं व्होल्टेज कमी पडतं. तीन फेजच्या व्होल्टेजमध्ये १ टक्का तफावत पडली की मोटारीच्या करंटमधली तफावत ६ ते १० टक्क्यांपर्यंत जाऊ शकते. एक वाइंडिंग गरम होत राहतं. एखादे दिवशी तो जोड पूर्ण सुटतो, मोटार दोन फेजवर घुमते आणि स्टार्टरचा रिले (करंट वाढला की मोटार बंद करणारा) कुणीतरी आधीच वर सरकवून ठेवलेला असतो, ‘सारखा पडतोय’ म्हणून. मग धूरच.

तांब्याची तार आणि अॅल्युमिनियमची तार एकमेकींना पिळून केलेला जोड सगळ्यांत वाईट. ओल लागली की दोन धातूंच्या मध्ये गंज सुरू होतो, अॅल्युमिनियमवर पांढरी पूड धरते आणि ती पूड वीज जाऊ देत नाही. डीपीकडून आलेली सर्व्हिस वायर अॅल्युमिनियमची आणि पुढची केबल तांब्याची असेल, तर हा जोड तुमच्याकडे आहेच. नसेल असं गृहीत धरू नका, जाऊन बघा. तिथे दोन धातूंसाठीचा खास कनेक्टर लावायचा, पिळा नाही.

आता जोड कसा उघडायचा

आधी मेन स्विच बंद. फ्यूज काढून खिशात घाला, पेटीवर ठेवू नका, कुणीतरी येऊन बसवतं. मग टेस्टरने तिन्ही तारा तपासा. आधी तोच टेस्टर चालू लाइटवर पेटतो का ते बघून घ्या, बिघडलेला टेस्टर माणूस मारतो. जोडकाम परवानाधारक वायरमनकडून करून घ्या. पण तो काय करतोय ते तुम्हाला कळलं पाहिजे, म्हणून खाली लिहितो.

तिन्ही तारांचे जोड एकाच जागी नकोत, बोटभर अंतराने पुढे-मागे हवेत, म्हणजे आवरण फाटलं तरी एकमेकांना भिडत नाहीत. तार चाकूने खरवडून चकचकीत करायची. तांब्याची नळी घालून दाबयंत्राने दाबलेला जोड उत्तम, नाहीतर घट्ट पीळ देऊन डाग दिलेला. त्यावर आधी रबरी टेप, ताणून, प्रत्येक वेढा आधीच्या अर्ध्यावर चढवून. त्याच्यावर साधी पीव्हीसी टेप. नुसती पीव्हीसी टेप गुंडाळलेला जोड हा जोड नव्हे. विहिरीत किंवा बोरमध्ये पाण्याखाली जाणारा जोड असेल तर वर राळेचा किट ओतून घ्या.

मोटार खाली सोडायच्या आधी जोड बादलीभर पाण्यात बुडवून मेगर (इन्सुलेशन मोजायचं यंत्र) लावायला सांगा. ५०० व्होल्टच्या मेगरवर इन्सुलेशन किमान १ मेगओम यावं असा नियम आहे. माझा स्वतःचा हिशेब जरा कडक आहे: नव्या जोडावर ५ पेक्षा कमी दिसलं तर मी तो कापायला लावतो. वायरमन कुरकुर करतो. करू द्या.

आणि मोटार केबलला धरून खाली सोडू नका हो! दोर कशासाठी आहे?

मेगर नसेल तर माझी एक सवय सांगतो, पुस्तकात नाही. मोटार तासभर चालवा, मेन बंद करा, फ्यूज काढा, टेस्टरने खात्री करा आणि लगेच एकेका जोडावर तळहाताची मागची बाजू टेकवा. केबल ऊन आणि जोड चटका देणारा, असा फरक लागला की तो जोड गेला. हे सकाळी सहा-सातला करा, दुपारी सगळंच तापलेलं असतं. पावसाच्या पहिल्या सरीनंतर एखाद्या जोडाच्या आसपास मुंग्या वरती आलेल्या दिसल्या तरी मला शंका येते. का, ते सांगता येणार नाही, पण दोनदा खरं निघालंय.

केबल किती जाडीची

जोड मुळात का पडतात? केबल कमी जाडीची घेतली म्हणून ती तापते, तापली म्हणून तुटते, तुटली म्हणून जोडतात. दुकानदार ‘पाच एचपीला अडीचची चालते’ म्हणतो. स्टार्टरपासून मोटार तीस मीटरवर असेल तर चालते. डीपीपासून तीनशे मीटर असेल तर नाही. हिशेब असा: २.५ चौरस मिमीच्या तांब्याच्या तारेला किलोमीटरला साधारण ७.४ ओम अडथळा असतो, तीनशे मीटरला २.२. आठ अँपिअरला वाटेतच २५ ते ३० व्होल्ट जातात. डीपीवर आधीच ३८० असेल तर मोटारीला ३५० मिळणार. सुरू होताना मोटार पाच-सहा पट करंट ओढते, त्या क्षणी व्होल्टेज आणखी कोसळतं. मोटारीचा जोर व्होल्टेजच्या वर्गाच्या प्रमाणात घटतो, म्हणून ती नुसती घुंघुं करते.

तेच ६ चौरस मिमी तांब्याने केलं तर १०-१२ व्होल्ट जातात. अॅल्युमिनियम घेणार असाल तर त्याच कामाला १० चौरस मिमी धरा. वाटेत ३ टक्क्यांपेक्षा, फार तर ५ टक्क्यांपेक्षा जास्त व्होल्टेज जाऊ नये एवढं लक्षात ठेवलं की दुकानदाराशी बोलता येतं. आणि शक्यतो एकसंध वेटोळं घ्या, मागच्या शेतातला उरलेला तुकडा जोडून नव्हे.

दुकानात आणखी एक ठकवणूक चालते. वरून तांब्याचा मुलामा, आत अॅल्युमिनियम. तारेचं टोक चाकूने खरवडा, आत पांढरं दिसलं की परत करा. वजनालाही हलकी लागते. केबलवर आयएस ६९४ आणि आयएसआय चिन्ह छापलेलं असतं, परवाना क्रमांक बीआयएस केअर अॅपवर टाकून बघता येतो. पाच मिनिटांचं काम आहे.

‘पॉवर सेव्हर’ नावाची डबी, महागडं केमिकल अर्थिंग, पंपाचा स्टॅबिलायझर, हे गळ्यात मारायला लोक बांधावर येतात. त्या पैशांत केबल बदला. लावायचाच तर योग्य क्षमतेचा कपॅसिटर लावा, तो महावितरणही सांगतं आणि त्याचा उपयोग आहे. ऑटो स्विच मात्र काढा. लाइट आली की गावातल्या सगळ्या मोटारी एकाच क्षणी उठतात, आणि मग डीपी जळाली की पंधरा दिवस सगळेच बसतात.

अर्थिंग

जोडातली वीज ओल्या जमिनीत उतरली की बैल मरतो. माणसाला नुसती झिणझिणी येते तिथे बैल जागेवर पडतो, कारण पुढच्या आणि मागच्या पायांत अंतर जास्त, त्यामुळे दोन्हींमधला व्होल्टेजचा फरकही जास्त. मागच्या पावसाळ्यात आमच्या शिवेला लागून एक खिल्लारी असाच गेला. पाटात जोड होता, पाट भरलेला होता.

मोटार आणि स्टार्टरच्या लोखंडी पेटीला दोन स्वतंत्र अर्थिंग हवीत असा नियमच आहे, एक तुटलं तर दुसरं. पाइपचं अर्थिंग करायचं तर जीआय पाइप किमान ३८ मिमी आतल्या व्यासाचा, अडीच मीटर लांब, पूर्ण गाडलेला, भोवती कोळसा आणि मिठाचे थर. भिंतीपासून किमान दीड मीटर लांब. उन्हाळ्यात काळी माती भेगाळते आणि पाइपला सोडते, म्हणून आत्ताच दोन घागरी पाणी ओता. हातभर सळई ठोकून तिला हिरवी वायर बांधली म्हणजे अर्थिंग झालं असं समजू नका.

पण नुसत्या अर्थिंगवरही भागत नाही. चांगल्या अर्थिंगचा अडथळा १० ओम धरला तर बॉडीत उतरलेली २४० व्होल्टची फेज २४ अँपिअरच वाहते. जाड तार घातलेला फ्यूज त्याने उडत नाही. त्यासाठी गळती ओळखणारा आरसीसीबी लागतो. माणसाचा जीव वाचवायचा तर ३० मिलिअँपिअरचा. जुन्या सबमर्सिबलवर तो वारंवार पडतो आणि लोक काढून टाकतात. तो पडतोय म्हणजे कुठला तरी जोड गळतोय, हे सांगतोय तो तुम्हाला.

थ्री फेज गेल्यावर एक फेज आणि अर्थिंगची सळई धरून दिवा किंवा छोटी मोटार चालवायची सवय सगळीकडे आहे. अशा वेळी ती सळई आणि भोवतीची ओली जमीन जिवंत असते. पोरंबाळं, शेरडं तिथूनच जातात. आजच बंद करा. तसंच रानडुकरांसाठी कुंपणात थेट लाइट सोडणं: गुन्हा तर आहेच, आणि त्यात मरणारा बहुतेक वेळा पहाटे पाणी धरायला निघालेला शेजारी असतो. झटका मशीन वेगळं, ते ठरावीक अंतराने क्षणभराचा झटका देतं. ते घ्या.

बाकीची कामं, पटापट

– स्टार्टर जमिनीपासून छातीइतक्या उंचीवर, पत्र्याच्या आडोशाला. खाली लाकडी फळी किंवा रबरी मॅट.
– पेटीत दोन डांबरगोळ्या (पाली, मुंग्या, हाही अनुभवच).
– फ्यूजमध्ये फ्यूजचीच तार.
– ओव्हरलोड रिले मोटारीच्या पाटीवरच्या अँपिअरवर.
– सिंगल फेजिंग प्रिव्हेंटर (एक फेज गेली की मोटार बंद करणारा).
– तारांचे रंग: लाल, पिवळा, निळा फेज, काळा न्यूट्रल, हिरवा अर्थ.
– गाडायची केबल आर्मर्ड (लोखंडी कवचाची), ७५ सेंमी खोल, वर विटांचा थर. नांगर लागेल अशी वरवर गाडू नका.
– शेतावरून जाणारी उघडी तार जमिनीपासून ४.६ मीटर, रस्ता ओलांडत असेल तर ५.८ मीटर हवी. लोंबत असेल तर महावितरणला लेखी अर्ज, पोच घेऊन.
– विजेच्या खांबाला किंवा ताणाला जनावर बांधू नये.
– डीपीवर स्वतः चढू नये, कितीही घाई असली तरी.

तार तुटून पडली असेल तर जवळ जाऊ नका. पायाखाली झिणझिणी वाटली तर दोन्ही पाय जवळ ठेवून, जमिनीवरून न उचलता, सरकत मागे या. कुणी चिकटलं असेल तर आधी मेन बंद करा. हाताने ओढायला गेलेला दुसरा माणूस गेल्याचं मी पाहिलंय. फोन १९१२ ला. अपघात झाला तर जागा हलवू नका, विद्युत निरीक्षकाची चौकशी होते आणि भरपाईचं पुढे त्यावर अवलंबून असतं.

आणि जोडांचं काम उरकलं की स्टार्टरच्या झाकणाच्या आतल्या बाजूला मार्करने लिहा: जोड किती, कुठे, कधी केले, मेगर किती आला. बोरमधला जोड किती फुटांवर आहे तेही. ऑक्टोबरात पाणी उतरलं की याच आकड्यांवरून कळेल, आधी कोणता ओढून काढायचा.