घरकर्जाची खरी किंमत कशी काढावी: कोकणात घर बांधणाऱ्यांसाठी

रत्नागिरी, चिपळूण किंवा कुडाळमध्ये फ्लॅट घेणारा असो, नाहीतर देवगड-राजापूरकडे वडिलोपार्जित जागेत चिऱ्याचे, म्हणजे जांभ्या दगडाचे, घर उभारणारा असो, कर्ज घेताना बहुतेकांच्या मनात एकच प्रश्न असतो, तो म्हणजे महिन्याचा हप्ता झेपेल की नाही. हा प्रश्न आवश्यक आहे, पण अपुरा आहे. हप्ता झेपतो म्हणून कर्ज स्वस्त ठरत नाही. उलट तो झेपावा म्हणून मुदत जितकी लांबवावी तितके कर्ज महाग होत जाते. म्हणून कागदांवर सही करण्यापूर्वी आणखी दोन प्रश्नांची उत्तरे लिहून काढावीत, असा माझा आग्रह आहे. शेवटचा हप्ता भरेपर्यंत आपल्या खिशातून एकूण किती रक्कम जाणार आहे, आणि त्यातली किती कमी करणे आपल्या हातात आहे?

हा हिशेब कठीण नाही. उदाहरणासाठी ३० लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याजदर आणि २० वर्षांची मुदत धरू. हप्ता सुमारे २६,०३५ रुपये येतो. असे २४० हप्ते भरले की एकूण रक्कम सुमारे ६२ लाख ४८ हजार होते, म्हणजे व्याजच ३२ लाख ४८ हजार. आता बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून घ्या आणि त्याची पहिली ओळ स्वतः ताडून पाहा. शिल्लक मुद्दलाला व्याजदराने गुणून १२०० ने भागले की त्या महिन्याचे व्याज मिळते. ३० लाख गुणिले ८.५ भागिले १२०० म्हणजे २१,२५० रुपये. पहिल्या २६,०३५ रुपयांच्या हप्त्यातून एवढे व्याजापोटी जातात आणि मुद्दलात जेमतेम ४,७८५ रुपये जमा होतात. पुढच्या महिन्यात मुद्दल तेवढेच कमी झालेले असते, त्यामुळे व्याजही थोडेच घटते. असेच पुढे चालू राहते.

हा संथपणा किती आहे ते पुढच्या दोन आकड्यांवरून कळेल. पहिल्या पाच वर्षांत आपण १५ लाख ६२ हजार रुपये भरतो, पण मुद्दल कमी होते ते केवळ ३ लाख ५६ हजारांनी. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ १३ वर्षे १० महिने लागतात. यात बँकेची कोणतीही लबाडी नाही. शिल्लक रकमेवर व्याज आकारण्याचा तो सरळ परिणाम आहे. मात्र पाच-सात वर्षांनी घर विकण्याचा किंवा भावाभावांत वाटणी करण्याचा विचार ज्यांच्या मनात असेल त्यांनी हे आकडे आधीच पाहावेत, कारण त्या वेळी आपण समजतो त्यापेक्षा कितीतरी अधिक रक्कम बँकेला देणे शिल्लक असते.

मुदत बदलली की काय होते तेही शेजारी लिहून ठेवावे. हेच कर्ज १५ वर्षांसाठी घेतले तर हप्ता सुमारे २९,५४२ रुपये आणि एकूण व्याज २३ लाख १८ हजार. ३० वर्षांसाठी घेतले तर हप्ता २३,०६७ रुपयांवर उतरतो, पण व्याज ५३ लाखांवर जाते. २० वर्षांऐवजी ३० वर्षे घेऊन महिन्याला तीन हजारांच्या आसपास सवलत मिळते आणि तिच्यासाठी २० लाखांहून अधिक व्याज वाढते. हा सौदा मला कोणत्याही कुटुंबासाठी योग्य वाटत नाही. त्यापेक्षा घर दोन खोल्यांनी लहान बांधावे.

आता बदलत्या व्याजदराकडे वळू, कारण आजची बहुतेक घरकर्जे याच प्रकारची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या अशा नव्या कर्जांचा दर बाह्य निकषाशी, म्हणजे बँकेने स्वतः न ठरवलेल्या दराशी, जोडलेला असतो; बहुधा तो रेपो दर असतो, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो दर. मे २०२२ च्या आरंभी ४ टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा टक्क्यांवर गेला. तेव्हा अनेक कर्जदारांचा हप्ता तोच राहिला आणि मुदत लांबली. वरच्या उदाहरणात आरंभीच दर साडेनऊ टक्के झाला आणि हप्ता २६,०३५ वरच ठेवला, तर २४० ऐवजी सुमारे ३०९ हप्ते भरावे लागतात, म्हणजे पावणेसहा वर्षे अधिक. हप्ता वाढला नाही म्हणून घरात कोणाच्या ते ध्यानातही येत नाही. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये आदेश काढून दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हे निवडण्याचा पर्याय कर्जदाराला देणे बंधनकारक केले आहे. तो पर्याय लेखी वापरावा आणि शक्य असेल तर हप्ता वाढवून घ्यावा. २०२५ मध्ये रेपो दर उतरला, तेव्हा आपला दर उतरला का आणि मुदत मागे आली का, हेही प्रत्येकाने आपल्या खात्याच्या उताऱ्यावर पाहायला हवे होते. अजून पाहिले नसेल तर या आठवड्यात पाहावे. गृहवित्त कंपन्यांना बाह्य निकषाचे बंधन नाही, त्यामुळे त्यांच्याकडून कर्ज घेताना दर कशाशी जोडला आहे आणि तो किती काळाने बदलतो, हे करारात शोधून वाचावे.

स्वतःच्या जागेत घर बांधणाऱ्यांच्या बाबतीत एक खर्च हमखास हिशेबातून सुटतो. बँक संपूर्ण रक्कम एकदम देत नाही. जोते झाले की काही रक्कम, भिंती वर आल्या की काही, स्लॅबला काही, अशी ती टप्प्याटप्प्याने मिळते आणि पूर्ण हप्ता सुरू होईपर्यंत उचललेल्या रकमेवर केवळ व्याज भरावे लागते. या काळात मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. आपल्याकडे जूनच्या पहिल्या आठवड्यात पाऊस धरला की चिऱ्याचे बांधकाम थांबते, चिरेखाणी बंद होतात आणि गावातल्या कच्च्या वाटेने ट्रक आत येत नाही. मे अखेर १६ लाख रुपये उचललेले असतील आणि स्लॅब राहून गेला असेल, तर जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत काम काहीही न होता ४५ हजारांहून अधिक व्याज जाते, शिवाय उघड्या सळ्या गंजतात ते वेगळेच. म्हणून काम दसऱ्याच्या सुमारास सुरू करून मे महिन्यापूर्वी छप्पर चढेल असे वेळापत्रक गवंडी आणि ठेकेदाराशी बोलून ठरवावे. आपल्या वाट्याची रक्कम आधी खर्च करावी, आणि बँकेचा पुढचा टप्पा सामान खरोखर आणायच्या वेळीच उचलावा. डोक्यावर छप्पर आले की आतला गिलावा आणि लाद्या पावसातही होऊ शकतात.

सुरुवातीच्या किरकोळ वाटणाऱ्या खर्चांची यादी वेगळी करावी. प्रक्रिया शुल्क, जागेच्या मालकीबद्दल वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन आणि गहाणखताची नोंद यांचे पैसे द्यावे लागतात. कोकणात सातबारावर चार-पाच सहहिस्सेदारांची नावे असणे नेहमीचे आहे. हक्कसोडपत्र किंवा वाटणीपत्र करून घेण्याचा खर्च आणि त्यासाठी मुंबईच्या नातेवाइकांना बोलवावे लागणारे दिवस हे कर्जाचेच मूल्य समजावे. तयार घर घेणाऱ्याला मुद्रांक शुल्क लागते. ते क्षेत्रानुसार बदलते, आणि निवासी घर केवळ स्त्रीच्या नावावर घेतल्यास महाराष्ट्रात त्यात एक टक्का सवलत आहे. बांधकाम चालू असलेल्या फ्लॅटवर जीएसटी लागतो, पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या फ्लॅटवर लागत नाही. घराची किंमत १० लाखांहून अधिक असेल तर मुद्रांक शुल्क आणि नोंदणीची रक्कम बँक घराच्या किमतीत धरत नाही, ती आपल्यालाच उभी करावी लागते.

विम्याकडे मात्र बारकाईने पाहावे. कर्जदाराच्या मृत्यूनंतर कर्ज फेडणारा विमा बहुधा एकरकमी हप्त्याचा असतो आणि ती रक्कम कर्जातच मिळवली जाते. ६० हजारांचा विमा असा मिळवला तर २० वर्षांत त्यापोटी सुमारे सव्वा लाख रुपये जातात. कर्ता माणूस एकच असेल तर विमा हवाच. पण साधा मुदत विमा स्वतंत्रपणे घेऊन दोन्हींची तुलना करावी. १ ऑक्टोबर २०२४ पासून व्यक्तींना दिल्या जाणाऱ्या नव्या (रिटेल) कर्जांसाठी बँकेला मुख्य तथ्यपत्रक द्यावे लागते. त्यात एपीआर, म्हणजे शुल्कांसह येणारा वार्षिक दर, नोंदवलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर न करता या आकड्यावर करावी.

आता सर्वांत महत्त्वाचा भाग: मुदतीआधी केलेली परतफेड. बदलत्या दराच्या घरकर्जावर व्यक्तीकडून मुदतपूर्व परतफेडीचे शुल्क घेता येत नाही. या सवलतीचा लाभ किती मोठा आहे, ते वेळेवर ठरते. वरच्या कर्जात पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख रुपये जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर पुढचे सुमारे ३ लाख ७० हजार रुपये व्याज वाचते. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर बचत केवळ ५० हजारांच्या आसपास राहते.

आंब्यावर किंवा मासेमारीवर चालणाऱ्या कुटुंबांना हे विशेष सांगावेसे वाटते. पेट्यांचे आणि कॅनिंगचे पैसे एप्रिल ते जूनमध्ये हातात येतात, तर हप्ता बारा महिने जातो. १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते, तेव्हाही तो जातोच. अशा घराने १५ वर्षांचा भारी हप्ता बांधून घेऊ नये. २० वर्षांची मुदत घ्यावी आणि हंगाम संपला की दरवर्षी जूनमध्ये ५० हजार रुपये मुद्दलात भरावेत. पहिल्या वर्षापासून हे पाळले तर कर्ज साधारण १४ वर्षे ८ महिन्यांत फिटते आणि व्याज सुमारे २२ लाख ५७ हजारांवर थांबते, म्हणजे ९ लाख ९० हजार रुपये वाचतात. १५ वर्षांच्या कर्जाएवढाच, किंबहुना थोडा अधिक लाभ मिळतो, आणि थ्रिप्स या किडीने किंवा अवकाळी पावसाने बाग गेली तर त्या वर्षी जास्तीची रक्कम भरण्याची सक्ती नसते. नोकरदारांना मात्र मी थेट कमी मुदतच सुचवेन, कारण स्वेच्छेने भरायची रक्कम पगारातून सहसा उरत नाही.

जास्तीची रक्कम भरताना बँकेला लेखी अर्ज द्यावा: हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी. असे सांगितले नाही तर काही ठिकाणी हप्ता कमी केला जातो आणि बचतीचा मोठा भाग हातून जातो. पंधरा दिवसांनी नवा परतफेड तक्ता मागून शेवटच्या हप्त्याची तारीख पाहावी. पण सहा हप्त्यांइतकी रक्कम वेगळी ठेवल्याशिवाय आणि महाग कर्जे, म्हणजे सोनेतारण, वैयक्तिक कर्ज किंवा क्रेडिट कार्डाची थकबाकी, फेडल्याशिवाय घरकर्जात जास्तीचे पैसे घालू नयेत.

करसवलतीने कर्ज स्वस्त होते, हे विधान तपासून घ्यावे. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या प्रणालीत ती मिळत नाही, आणि आता नवी प्रणाली हीच आपोआप लागू होणारी आहे. जुन्या प्रणालीतही २० टक्के कर भरणाऱ्याचे साधारण ४० हजार वाचतात, आणि त्यासाठी पहिल्या वर्षी अडीच लाखांचे व्याज भरलेले असते. कर वाचतो म्हणून कर्ज लांबवणे त्यामुळे तोट्याचे ठरते.

कर्ज दुसऱ्या बँकेत नेण्याचा विचार पहिल्या काही वर्षांतच करावा, आणि त्याआधी आपल्याच बँकेकडे दर कमी करून मागावा. बहुतेक बँका थोडे शुल्क घेऊन तो कमी करतात. याउलट दहा-बारा वर्षांनी कर्ज हलवून पुन्हा २० वर्षांची मुदत घेतली, तर दर कमी असूनही एकूण व्याज वाढू शकते.

घराचा स्वतःचा खर्चही या हिशेबात हवा. खाऱ्या वाऱ्याने ग्रील आणि पत्र्याचे स्क्रू गंजतात, चिऱ्याला शेवाळ धरते, गळती काढावी लागते, घरपट्टी भरावी लागते. जून २०२० च्या निसर्ग चक्रीवादळात रायगड आणि उत्तर रत्नागिरीतली छपरे उडाली, जुलै २०२१ मध्ये चिपळूणची घरे पाण्याखाली गेली; तेव्हा ज्यांच्या घराचा विमा नव्हता त्यांना घर दुरुस्त करता करता हप्तेही भरावे लागले. घराच्या विम्याची रक्कम कर्जाच्या मानाने थोडी असते, ती टाळू नये.

शेवटचा हप्ता भरल्यावर काम पूर्ण झाले असे मानू नये. १ डिसेंबर २०२३ पासूनच्या नियमानुसार संपूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांत बँकेने मूळ कागदपत्रे परत करावी लागतात, आणि विलंब तिच्यामुळे झाला तर दररोज ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कागदपत्रांसोबत थकबाकी नसल्याचा दाखला घ्यावा. सातबाराच्या इतर हक्कांत बँकेचा बोजा चढवलेला असेल, तर तो दाखला तलाठ्याकडे देऊन बोजा कमी करण्याचा फेरफार मंजूर करून घ्यावा, आणि त्यानंतरचा नवा उतारा काढून त्यात बोजा उरलेला नाही याची खात्री करून घ्यावी.