घरी तेमारी सुशी करायचीय? मग भात चढवायच्या आधी एवढं हाताशी ठेवा

तेमारी सुशी म्हणजे व्हिनेगर घातलेल्या भाताचे, वर मासा किंवा भाजी लावलेले लिंबाएवढे गोल गोळे. जपानात 3 मार्चला हिनामात्सुरी असतो, मुलींचा सण, तेव्हा बऱ्याच घरात करतात, आणि रंगीत दोऱ्यांचे तेमारी नावाचे चेंडू असतात ना तसे दिसतात म्हणून हे नाव. नोरी (समुद्री शेवाळाचा कागदासारखा पापुद्रा) नको, बांबूची चटई नको, रोल वळायची कसरत नको, त्यामुळे पहिल्यांदा सुशी करणाऱ्याने इथूनच सुरुवात करावी असं माझं स्पष्ट मत. फक्त एक आहे, व्हिनेगर घातलेला भात अंगाइतपत कोमट असतो तेवढ्यातच गोळे नीट वळले जातात, नंतर वरून कोरडा पडायला लागतो. म्हणजे भात सगळ्यात शेवटी, बाकी झाडून सगळं आधी.

आदल्या रात्री माशाचं बघून घ्या. कच्चा सॅल्मन किंवा ट्यूना घालणार असाल तर कच्चा खायचा म्हणूनच विकला जाणारा, डीप फ्रीझ केलेला घ्या आणि फ्रीजच्या खालच्या कप्प्यात रात्रभर हळूहळू सुटू द्या, ओट्यावर ठेवून नाही. अनिसाकिस नावाची अळी समुद्री माशात असू शकते, ती व्हिनेगरने मरत नाही, वासाबीनेही (झणझणीत हिरवी जपानी चटणी) मरत नाही, जपानच्या आरोग्य खात्याचा नियम उणे 20 अंशांवर 24 तास गोठवण्याचा आहे आणि अमेरिकेत तर तेवढ्याच तापमानाला 7 दिवस सांगतात. घरचा फ्रीजर साधारण उणे 18 च्या आसपास असतो, त्यामुळे बाजारातून ताजा सुरमई आणून घरी गोठवला की झालं, हे डोक्यातून काढून टाका. आणि रोहू, कटला असले गोड्या पाण्यातले मासे कच्चे अजिबात नाही, कितीही ताजे असले तरी. घरात कुणी गरोदर असेल, वयस्कर असेल तर त्यांच्यासाठी उकडलेली कोळंबी आणि अंडं वेगळं धरा.

कोळंबीला पोटाच्या बाजूने टूथपिक आरपार घालून मग उकळत्या पाण्यात टाकायची, दीड-दोन मिनिटं, म्हणजे वाकडी होत नाही, मग सोलून पोटाकडून चिरून पुस्तकासारखी उघडायची. अंड्याचं पातळ धिरडं घाला, एका अंड्याला चिमूटभर कॉर्नफ्लोअर पाण्यात कालवून घातलं की फाटत नाही. काकडी बटाट्याच्या सोलाण्याने लांब पट्ट्यांत काढा, मीठ लावून पाच मिनिटं ठेवा आणि टिपून घ्या, नाहीतर पाणी सुटून भात ओला होतो. लाल मुळ्याच्या चकत्या, कमळकाकडीच्या व्हिनेगरमधल्या चकत्या, अवोकाडो (हा मात्र अगदी आयत्या वेळी कापा) हे शाकाहारी मंडळींना. आणि शाकाहारी पाहुणा असेल तर तयार दाशी पावडर (जपानी रश्शाची पावडर) कशातच वापरू नका, त्यात बहुतेक वेळा बोनिटो मासा असतो, पाकिटावर मागे बारीक अक्षरात लिहिलेलं असतं आणि कुणी वाचत नाही.

माशाचे तुकडे साधारण चार सेंटीमीटर चौकोनी आणि शक्य तितके पातळ कापा. जाड तुकडा गोळ्यावर बसत नाही, कडा वर येतात.

आता हत्यारं. क्लिंग फिल्मचे (अन्न गुंडाळायचं पातळ प्लॅस्टिक) हातभर नाही, 15 सेंटीमीटरचे चौकोन आधीच कापून एकावर एक न चिकटवता मांडून ठेवा, भाताचे हात झाल्यावर तो रोल फाडायला गेलात की वैताग येतो. एक मलमलचं ओलं फडकं. एका वाटीत पाणी आणि चमचाभर व्हिनेगर, हात ओले करायला. पसरट भांडं: जपानी लोक हांगिरी नावाचा लाकडी टब वापरतात, तो असेल तर वापरायच्या आधी पाण्याने ओला करून पुसायचा म्हणजे तो व्हिनेगर पीत नाही. नसेल तर स्टीलची परात एकदम चालते, अॅल्युमिनियमची नको. लाकडी उलथणं किंवा भाताचा पसरट चमचा, आणि वारा घालायला पुठ्ठा. वारा घालणारा माणूसही पकडून ठेवा, एकट्याला दोन्ही होत नाही.

मसाला व्हिनेगर: 60 मिली राइस व्हिनेगर, 2 मोठे चमचे साखर, 1 छोटा चमचा मीठ. नुसतं कोमट करून विरघळवायचं, उकळायचं नाही, उकळलं की आंबटपणा उडून जातो. हे प्रमाण 300 ग्रॅम तांदळाला आहे आणि त्यात सव्वीस-सत्तावीस ग्रॅमचे दोन डझन गोळे आरामात होतात, चौघांना पोटभर.

तांदूळ मात्र आखूड दाण्याचा जपानी पद्धतीचाच, कोशिहिकारी ही जपानी जात मिळाली तर उत्तम. त्यात अमायलोपेक्टिन नावाचं चिकट स्टार्च जास्त असतं म्हणून दाणे चिकटतात पण लगदा होत नाही. बासमती आणि कोलम विसरा. इंद्रायणीचे गोळे वळतात, खोटं कशाला बोलू, पण त्याचा वास माशावर चढतो आणि दाणा मोडतो, त्यामुळे मुलांबरोबर अंडं-काकडीचे करायचे असतील तर ठीक. पाणी बऱ्यापैकी स्वच्छ होईपर्यंत हलक्या हाताने तीन-चारदा धुवा, अर्धा तास भिजवा, निथळा. मग मापाला माप पाणी, नेहमीच्या जपानी भातापेक्षा किंचित कमी, कारण नंतर व्हिनेगर पडणार आहे. उकळी, मग मंद आचेवर बारा मिनिटं, गॅस बंद करून दहा मिनिटं झाकण उघडायचं नाही. कुकरच्या शिट्ट्या नकोत.

ते दहा मिनिटं संपायच्या आत ओटा रिकामा हवा. भात गरम असतानाच परातीत ओतून व्हिनेगर उलथण्यावरून सगळीकडे शिंपडा, उलथणं उभं धरून कापत कापत मिसळा, घोटू नका, आणि दुसऱ्याने वारा घालत राहायचं, त्याने वरचं पाणी उडतं आणि दाण्याला चकाकी येते. मग ओल्या फडक्याखाली. वळायच्या आधी फ्रीजमध्ये अजिबात ठेवू नका, भात कडक होतो.

वळताना फिल्मवर आधी मासा किंवा काकडी, चांगली बाजू खाली, त्यावर वासाबीचा ठिपका (मुलांच्यात नको), मग भात, आणि पोटलीसारखं वर पिळायचं. घट्ट आवळू नका, आकार धरला की बास. वाढेपर्यंत फिल्म काढायची नाही. सोया सॉस, आल्याचं गारी लोणचं आणि हात पुसायला ओले नॅपकिन टेबलावर आधीच ठेवा. कच्च्या माशाचे गोळे दोन तासांत संपवा, उरले तर फेका, अंड्या-काकडीचे उरले तर फ्रीजमध्ये ठेवा आणि दुसऱ्या दिवशी सकाळी फिल्म काढून तव्यावर थोड्या तेलात परतून घ्या, वरून सोया.