मसादाचा 'अलेफ' ऐकायचाय? मग असा ऐका

जॉन झॉर्नच्या मसादा या जॅझ बँडचा 'अलेफ' मी पहिल्यांदा लावला तेव्हा भांडी घासत होतो आणि तिसऱ्या गाण्याच्या आधीच बंद केला, सॅक्सोफोन किंचाळतोय एवढंच डोक्यात राहिलं. चूक माझीच. हा अल्बम काम करता करता ऐकायचा नाहीच, हेडफोन लावून बसायचं.

थोडी माहिती आधी. झॉर्न न्यूयॉर्कचा, ज्यू घरातला, अल्टो सॅक्स वाजवतो. 1994 मध्ये हे रेकॉर्ड झालं आणि जपानी लेबलने काढलं. वाजवणारे चारच, ट्रंपेटवर डेव्ह डग्लस, बेसवर ग्रेग कोहेन, ड्रम्सवर जोई बॅरन आणि स्वतः झॉर्न. पियानो नाही, गिटार नाही, जॅझ सॅक्सोफोनवादक ऑर्नेट कोलमनच्या 1959 च्या चौकडीसारखीच मांडणी. कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे स्वर, धरून ठेवायला कुणी नसल्यामुळे सोलोवाला पाहिजे तिकडे भटकतो आणि आपण नेमके तिथेच हरवतो.

म्हणून पहिल्या वेळी सॅक्स-ट्रंपेट सोडून द्या, बेस धरा. वर कितीही धुमाकूळ चालू असला तरी बेसच्या मागे मागे गेलात की गाणं कुठे आहे ते कळत राहतं.

दुसऱ्या वेळी धून पकडा. बहुतेक गाण्यांत सुरुवातीला छोटीशी धून येते, मग सोलो, मग शेवटी परत तीच धून. ती गुणगुणता यायला लागेपर्यंत पुढच्या गाण्यावर जाऊ नका.

आता खरी गंमत. किबोर्ड असेल तर सा, कोमल रे, शुद्ध ग, म, प, कोमल ध, कोमल नी असं वाजवून बघा, म्हणजे भैरवाचा फक्त नी कोमल केलेला, आपल्याकडे बसंत मुखारीचे स्वर. ज्यू संगीतात याला फ्रेगिश म्हणतात. कोमल रे वरून शुद्ध ग वर जी लांब उडी आहे ना, ती एकदा कानात बसली की अल्बममध्ये ती सारखी भेटायला लागते. पण राग म्हणून ऐकायला जाऊ नका, आलाप-विस्ताराची वाट बघत बसाल. इथली खोच वेगळी आहे, क्लेझ्मर म्हणजे पूर्व युरोपातल्या ज्यूंचं लोकसंगीत, ते वाजवणारे स्वर सोडताना गळा दाटल्यासारखा एक हुंदका देतात, त्याला त्यांच्या यिद्दिश भाषेत क्रेख्त्स म्हणजे कण्हणं म्हणतात. तो हुंदका सॅक्समध्ये शोधा, मग ते किंचाळणं इतकं परकं वाटत नाही.

गाण्यांच्या हिब्रू नावांचे अर्थ शोधण्यात वेळ घालवू नका, मी घालवलाय. हाताला काही लागलं नाही.

एवढं करूनही जड गेलं तर 1996 चा 'बार कोखबा' लावा, धुना झॉर्नच्याच पण व्हायोलिन, चेलो, क्लॅरिनेट असं सगळं शांत. 'इडालाह-अबाल' दोन्हीकडे आहे, ते आधी तिथे ऐका आणि लगेच 'अलेफ'मध्ये लावा.